तीन हाका

पाणीपुरवठा कार्यालयातले आस्थापना शाखेचे एक जुने कारकून गेली चार वर्षं मागच्या जिन्यानं वर येत. जिना उभा, गुडघे कुरकुरणारे. पण पुढच्या जिन्याच्या तोंडाशी सुनावणीच्या खोलीबाहेरचा बाक होता. बाक बहुधा रिकामाच असायचा. कारकुनांना मात्र त्यावर इस्त्रीचा शर्ट घातलेला पंपचालक दिसे. मांडीवर प्लॅस्टिकची पिशवी, नजर दारावर.

चार वर्षांपूर्वी तो तसाच बसला होता. पंप चालू राहून टाकी ओसंडली, खालच्या घरांत पाणी शिरलं, म्हणून त्याला नोकरीवरून काढायचं चाललं होतं. काढण्याआधी त्याचं म्हणणं ऐकायला हवं, हा नियम. त्यासाठी दाराबाहेर उभं राहून तीनदा नाव पुकारायचं, ही पद्धत. त्या दिवशी शिपाई रजेवर, म्हणून पुकारा कारकुनांच्या गळ्यात पडला. साहेबांना बैठकीला निघायची घाई. "उरका हो लवकर! आला नसेल तर तसं लिहून टाका."

कारकुनांना जन्मात कधी मोठ्यानं ओरडता आलं नव्हतं. त्यांनी दार लोटलेलंच ठेवलं आणि आतूनच, घशातल्या घशात, तीनदा नाव घेतलं. मग लिहिलं, 'तीन वेळा पुकारूनही गैरहजर.' साहेबांनी सही ठोकली आणि दुसऱ्या दारानं निघून गेले.

दुपारी दोनला पंपचालकानं दारातून डोकं आत घातलं. "भाऊसाहेब, माझा नंबर कधी?"

कारकुनांनी समोरचा कागद पालथा घातला. "साहेब गेले. पत्र येईल घरी."

"बरं," म्हणून तो पिशवी सावरत गेला. पत्र गेलं ते बडतर्फीचं.

तेव्हापासून कारकुनांनी घरी पुस्तक उघडलं की ओळींमधून ते नाव वर यायचं. एकदा जेवताना बायको म्हणाली, "अहो, कुणाला हाका मारताय? मी समोरच बसलेय की!"

मग पंपचालकाच्या अपिलाची तारीख लागली. नव्या साहेबांनी कारकुनांना बोलावून घेतलं. "पुकारा केला होता का, एवढंच विचारतील. हो म्हणायचं नि मोकळं व्हायचं. दोन महिन्यांनी निवृत्त होताय, उगाच पायावर धोंडा पाडून घेऊ नका."

अपील ऐकणाऱ्या अधिकारी बाईंनी नेमकं तेच विचारलं.

"केला होता," कारकून म्हणाले. "पण दाराच्या आत. बाहेर ऐकू जाईल असा नाही. ते बाहेरच बसले होते, मॅडम. मला माहीत होतं."

नव्या साहेबांची खुर्ची करकरली. बाईंनी जबाब लिहून घेतला, त्याखाली कारकुनांची सही घेतली आणि पंपचालकाकडे वळल्या. "आता तुम्ही बोला. तेव्हा काय सांगणार होतात?"

चार वर्षांत कारकुनांनी त्याच्या वतीनं शंभर बचाव मनात रचले होते. स्विच अडकला असेल, फोन बंद असेल, पुढच्या पाळीचा माणूस आलाच नसेल.

पंपचालक उठला. "चूक माझीच होती, मॅडम. पंप चालू ठेवून पेपर वाचत बसलो, भान राहिलं नाही. बावीस वर्षांत एकदा. दंड करा, बदली करा, पण काढू नका, असं म्हणणार होतो."

"एवढंच?"

"एवढंच. पण आदेशात लिहिलं, मी आलोच नाही. बायकोनं ते वाचलं. म्हणायची, मग दिवसभर होतात कुठे? शेवटपर्यंत तिचा विश्वास बसला नाही. गेल्या साली ती गेली." तो कारकुनांकडे वळला. आवाजात राग नव्हता. "तेव्हाच सांगितलं असतंत, भाऊसाहेब, तर तिला तुमच्यासमोर आणून उभी केली असती."

कारकुनांनी काहीतरी म्हणायला तोंड उघडलं.

बाईंनी हात वर केला. "तुमचं सांगून झालंय," त्या म्हणाल्या. "त्यांना बोलू द्या."