भिवाचं बोट

डॉक्टर विजयकुमारांनी हाड जोडणारी शेवटची तार ओढून काढली आणि भिवाच्या उजव्या हाताचं पहिलं बोट मोकळं झालं. सहा आठवड्यांपूर्वी ते परांचीच्या दोन पाइपांत चिरडलं होतं. वाचवायला साडेचार तास लागले होते.

कापणं अर्ध्या तासाचं काम. पण कापण्याला डॉक्टरांचा तात्त्विक विरोध. भिंतीवरच्या फोटोतले मिशाळ एडविन टॅलबर्ट हे त्यांचं दैवत. व्हिक्टोरिया राणीच्या काळात टॅलबर्ट बारा वर्षं चिखलात रग्बी खेळले, दोनदा खांदा मोडून घेतला आणि मग सर्जन झाले. हातपाय सरसकट कापायच्या त्या दिवसांत ते जोडत बसत. जोडता जोडताच एकदा टेबलापाशी कोसळले, ते उठले नाहीत. कॉलेजात रग्बी खेळलेले डॉक्टर हे चरित्र प्रत्येक पेशंटला ऐकवत. दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कातल्या कॅम्पांतून येणारे कामगार तो फोटो डॉक्टरांच्या वडिलांचा समजून हात जोडत. डॉक्टरांनी कधी दुरुस्ती केली नाही.

भिवानेही ते ऐकलं होतं. मग बोट ठेवायचं की काढायचं, असं डॉक्टरांनी त्याला रीतसर विचारलंही होतं. पण माण तालुक्यातला माणूस डॉक्टरला सल्ला देत नाही. "तुमी म्हनाल तसं, सायेब," म्हणून त्याने कागदावर डाव्या हाताचा अंगठा उठवला. डॉक्टरांना तो होकार वाटला.

आज भिवा खुर्चीतून उठेना. खाली बघत त्याने सांगितलं, की तीस तारखेपर्यंत जो फिट नाही त्याचा व्हिसा खलास, असं मुकादम म्हणालाय. खोलीतल्या सोमनाथचं बोट गेल्या साली दुसरीकडे कापलं. तो पंधराव्या दिवशी परांचीवर होता, अजून आहे. डॉक्टर म्हणाले, जोडलेल्या बोटाने आणखी दोन महिने वजन उचलायचं नाही. कंपनीला त्यांनी तसं पत्र लिहिलं होतं. कंपनीने पत्राबद्दल आभार मानले होते.

"सायेब, आता कापता यील का?"

डॉक्टरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"आज दहा तारीख हाय. आज कापलं तर तीसपतोर जखम भरंल. तुमी फिट लिवा, मी चढतो वर."

"भिवा, चांगलं बोट आहे ते."

"व्हय. पर घरी घिऊन जाऊन काय करू त्याचं?"

गावी करण्यासारखं काही असतं तर तो इथे आलाच नसता. डॉक्टर रोजचंच बोलले.

"वाकवून दाखव."

बोट थरथरलं, अडलं, मग सावकाश वाकलं आणि टोक तळव्याला टेकलं. तीस वर्षांत इतकं सुबक काम त्यांच्या हातून झालं नव्हतं.

"लई झ्याक केलंय सायेब तुमी," भिवा म्हणाला. डॉक्टरांना वाईट वाटू नये म्हणून.

आणि त्याने पंजा टेबलावर पसरून ठेवला.