रघूचा खेळ सांभाळणारी हार्ड डिस्क

मी एक जुनी हार्ड डिस्क आहे. तळहातापेक्षा थोडी मोठी, पण उचलून बघाल तर मनगटाला कळेल. मला कुणी डबा म्हटलं की मी ऐकून न ऐकल्यासारखं करते. डब्यातलं खाऊन संपतं. माझ्यातलं कुणी मुद्दाम पुसल्याशिवाय संपत नाही. मित्रांनो, मी शिकलेली नाही. लोकांनी माझ्या अंगावर हजारो पानं लिहिली, मला त्यातलं एक अक्षर वाचता येत नाही. पण कुठलं अक्षर कुठे ठेवलं आहे ते मला विचारा. तिथे शिकलेले माझ्यापुढे उभे राहणार नाहीत.

माझा जन्म कुठल्या देशातला ते स्टिकरवर होतं. तो स्टिकर केव्हाच निघून गेला. आठवतात ती पांढऱ्या कपड्यांतली, तोंडं बांधलेली माणसं. तिथे धुळीचा कण नव्हता. धूळ कशाला म्हणतात ते मला जव्हारला आल्यावर कळलं.

जव्हारच्या बाजारात पंढरीचं ऑनलाइन फॉर्म भरायचं दुकान आहे. त्याच्या कॉम्प्युटरमध्ये मी सात वर्षं राबले. जातीचे दाखले, रेशनकार्डं, बारावीचे निकाल, सगळं माझ्यात. शाळा उघडायच्या दिवसांत दुकानाबाहेर रांग लागायची आणि मी आत गरगर फिरत असायची. पंढरी गिऱ्हाइकांना छाती काढून सांगायचा, "आमची मशीन कधी अडत नाही." मशीन म्हणजे मीच. बाकी नुसतं पत्र्याचं खोकं.

मग त्याने नवी डिस्क आणली. बिस्किटाएवढी. ती फिरत नाही, आवाज करत नाही. सगळे म्हणाले, काय फास्ट आहे! मला काढून खणात टाकलं, गंजके स्क्रू आणि मेलेले माउस यांच्या सोबतीला. किती दिवस, ते सांगता येणार नाही. वीज नसली की मला वेळ कळत नाही. वाईट वाटलं का म्हणाल, तर काहीच वाटलं नाही.

खणातून मला रघूने बाहेर काढवलं. म्हणजे त्याच्या आजाराने.

रघु साखरशेतचा. अठरा वर्षं जव्हार ते खोडाळा जीप चालवत होता. मे महिन्यात एका सकाळी जीपला चावी लावायला गेला आणि हात वर आलाच नाही. लकवा. पाय वाचला, बोलणं वाचलं, पण उजवा हात गेला. गेला म्हणजे खांद्याला होता, पण त्याला काही कळत नव्हतं. दवाखान्यातल्या व्यायामाच्या बाईंनी सांगितलं, पहिले सहा महिने महत्त्वाचे. बोटांना रोज काम द्या, नाहीतर ती कायमची अशीच राहतील. त्यांनी पिळायला चेंडू दिला. रघु चेंडू मांडीवर ठेवून भिंतीकडे बघत बसायचा.

पंढरी त्याचा मित्र. त्याने एक जुना कॉम्प्युटर जुळवला, त्यात एक बिस्किट डिस्क बसवली आणि जागा कमी पडली म्हणून मला बसवलं. दुकानाच्या इंटरनेटवरून दोन दिवस लावून माझ्यात ट्रक चालवायचा एक खेळ उतरवला. चौसष्ट जीबीचा! त्या फोल्डरला मित्राचं नाव दिलं, मराठीत: रघु. मग सगळं उचलून साखरशेतला आणलं आणि म्हणाला, "घे. ह्याला डिझेल लागत नाही."

रघूने उजवा हात डाव्या हाताने उचलून बाणांच्या बटणांवर ठेवला. बटण किती वेळ दाबलं जातं हे खेळाला समजतं, आणि खेळ माझ्यात, म्हणून मलाही समजतं. दाबणं त्याला जमत होतं, कारण हात जडच होता, नुसता पडला तरी बटण दबे. उचलणं जमत नव्हतं. ट्रक वळायला लागला की वळतच राहायचा आणि खड्ड्यात जायचा. जून गेला, जुलै गेला. हळूहळू ट्रक खड्ड्याच्या अलीकडे थांबायला लागला. व्यायामाच्या बाई म्हणाल्या, बोटं सुटायला लागली आहेत. चेंडू कोपऱ्यात पडून होता. हे काम माझं होतं. मी माझ्या तोंडाने सांगते, कारण दुसरं कुणी सांगणार नाही.

आता घरातल्या दोन बायकांचं सांगते. एक रघूची बायको रंजना, अंगणवाडी सेविका. दुसरी त्याची आई हौशी. हौशी शाळेत दोन वर्षं गेली, पण सगळा पाडा तिला विचारल्याशिवाय भात लावत नाही.

हौशीच्या माहेरची एक रीत होती. घरातल्या माणसाला मोठा आजार झाला की त्याचं नाव घ्यायचं नाही. नाव ऐकून आजार पुन्हा घर शोधत येतो. शेतातली नवी नागली, म्हणजे नाचणी, घरात येईपर्यंत त्याला दुसऱ्या नावाने हाक मारायची. नवऱ्याच्या वेळी तिला हे करू दिलं नाही. दवाखान्यात सगळे त्याचं नाव घेऊन हाका मारत होते आणि तो गेला. म्हणून मे महिन्यापासून तिने रघूचं नाव काळ्या केलं. दारावरची पाटी उतरवली. जीपच्या काचेवरचं नाव खरवडून काढलं. रघु कशालाच काही म्हणत नव्हता.

ऑगस्टमध्ये रंजना अंगणवाडीचे फोटो शोधायला मला उघडून बसली होती. हौशी मागे उभी. तिने पडद्यावर बोट ठेवलं आणि एकेक अक्षर लावून वाचलं. र. घु.

"ह्ये कोनी लिवलं?"

"पंढरीभाऊंनी. खेळाचं फोल्डर आहे, आई."

"चार महिने मी जीभ चावत बसल्ये, आनि ह्याने पेटीत नाव कोंडून ठेवलंय! बदल."

"आई, त्याला हात लावू नये बहुतेक."

"बहुतेक कोन? डाक्तर हाय का तो? बदल म्हनते ना. आनि त्याला सांगू नको."

रंजनाने बदललं. माझ्या अंगावर रघु होतं तिथे काळ्या आलं. मला त्याचं काय! आतलं सगळं जागच्या जागी होतं. एक तुकडासुद्धा हलला नव्हता.

पण मित्रांनो, खेळ माझ्याकडे असला तरी दार उघडण्याचं काम लाँचरचं. लाँचर हा एक प्रोग्राम. तो त्या बिस्किटबाईकडे राहतो. त्याच्याजवळ यादी असते, कुठला खेळ कुठल्या फोल्डरमध्ये आहे त्याची. दुसऱ्या दिवशी रघु येऊन बसला. लाँचर माझ्या दारात आला आणि त्याने विचारलं, रघु आहे का? रघु नव्हता. लगेच मोकळा झाला. हिरवं ‘खेळा’ बटण गेलं आणि तिथे करडं ‘इन्स्टॉल करा’ आलं. माझ्या पोटात चौसष्ट जीबी, आणि हा शहाणा घर रिकामं आहे म्हणून लिहून गेला! आत डोकावलासुद्धा नाही.

रघूने त्या बटणाकडे बराच वेळ बघितलं. मग हात उचलून मांडीवर ठेवला आणि भिंतीकडे तोंड केलं.

रंजनाने ‘इन्स्टॉल करा’ दाबून बघितलं. साखरशेतला घरात फोन लागतो, पण इंटरनेट येतं ते घरामागच्या टेकाडावर. तिथे मोबाइल ठेवून दिवसाला दीड जीबी मिळतं. हिशेब दीड महिन्यावर गेला. वर लाँचर म्हणाला, डिस्कवर जागा नाही, नको असलेलं काढा. नको असलेलं म्हणजे काळ्या. रंजनाने पंढरीला फोन लावला, तर तो भिवंडीला बहिणीच्या घराच्या बांधकामात अडकलेला, फोन बंद.

असे दहा दिवस गेले. रोज सकाळी कॉम्प्युटर चालू व्हायचा, रोज करडं बटण, रोज बंद. मी फिरायची आणि थांबायची. रघूचा हात काय करत होता ते मला कळत नव्हतं, कारण तो बटणांवर येतच नव्हता.

अकराव्या दिवशी फोन लागला. रंजनाने तो स्पीकरवर ठेवला.

पंढरी म्हणाला, "वहिनी, काही पुसू नका! खेळ आहे तिथेच आहे. कुणी फोल्डर हलवलं का? नाव बदललं का?"

रंजनाने हौशीकडे बघितलं.

"मी बदलायला लावलं," हौशी म्हणाली. "मग?"

"मावशी, अहो तो लाँचर जुन्या नावानेच शोधतो."

"मग त्याला सांग काळ्या म्हनायला."

"त्याला तेवढी अक्कल नाही."

"अक्कल नाय त्याला पेटीत कशाला बशिवला? तुझ्या दुकानात काय कमी बिनअकलेचे हाय?"

"मावशी, जुनं नाव परत द्या. मग ‘इन्स्टॉल करा’ दाबून तीच जागा दाखवा. तो आपोआप आतलं तपासेल आणि म्हणेल, अरे, आहे की. काही डाउनलोड करावं लागणार नाही."

"नागली आल्याबिगर नाव निघनार नाय."

"नागलीला अजून अडीच महिने आहेत!"

"मला शिकवू नको. नागली मी लावल्ये."

फोन बंद झाला. रंजना रडली नाही, भांडलीही नाही. तिने भांडी घासली. ती हौशीला एवढंच म्हणाली, "आई, बाईंनी सहा महिने सांगितले होते. नागली येईल तेव्हा सहा पुरे झालेले असतील."

हौशीने वाटीत पेज ओतली. ती पेज घेऊन रघूजवळ गेली. वाटी जमिनीवर ठेवताना कलंडली आणि कढत पेज त्याच्या उजव्या हातावर सांडली. मला रंजनाचा आवाज ऐकू आला. हौशीचा ऐकू आला. रघूचा आला नाही. थोड्या वेळाने तो म्हणाला, "काय झालं?"

पाणी ओतल्याचा आवाज येत राहिला. मग माझ्या खोक्यापाशी पाट सरकला.

"पेटी चालू कर," हौशी म्हणाली.

"आई, मी करते."

"नाव मी ठेवलेलं. काय व्हायचं ते माझ्या माथी. र कुठे हाय?"

रंजनाने इंग्रजी बटणं दाखवली. ती दाबली की पडद्यावर मराठी उमटतं. हौशीने एक दाबलं, दुसरं दाबलं.

"दोन अक्षरांना पाच बटनं? कुनी काढलं हे शिक्षन?"

"शेवटचं एकच राहिलं, आई."

शेवटच्या बटणावर तिचं बोट थांबलं. मी फिरत होते. मग ते दाबलं गेलं, आणि माझ्या अंगावरचं काळ्या पुसून रघु आलं. मला तेव्हाही काही वाटलं नाही. मी लिहून घेतलं.

रंजनाने पंढरीने सांगितलं तसं केलं. ‘इन्स्टॉल करा’. हीच जागा. लाँचर पुन्हा दारात आला आणि या वेळी आत आला. पडद्यावर लिहून आलं, आधीच्या फायली तपासत आहे. एक टक्का. दोन टक्के. मित्रांनो, चौसष्ट जीबी कोपऱ्याकोपऱ्यातून काढून दाखवायचं म्हणजे माझ्या वयात गंमत नाही. माझ्या आतून कर्र कर्र आवाज यायला लागला. एकेचाळीसवर मी अडकले. तिथे माझ्यावर जुना ओरखडा आहे. पुन्हा फिरले, पुन्हा फिरले, आणि निघालं. दुपारभर हौशी पाटावरून उठली नाही. लाईट जाऊ नये म्हणून तिने रंजनाला पिठाची चक्कीसुद्धा लावू दिली नाही.

शंभर झाले. करडं बटण हिरवं झालं. टेकाडावरून एक थेंब डाउनलोड न होता.

हौशीने रघूचा हात उचलला. हातावर हळद लावलेली होती. तो तिने स्वतः बाणांवर ठेवला. "चालव," म्हणाली.

बटण दबलं आणि दबलेलंच राहिलं. ट्रक वळत वळत खड्ड्यात गेला. दहा दिवसांत जूनमध्ये होतो तिथे आलो होतो. पुन्हा ट्रक खड्ड्यात. दुसऱ्या दिवशी पुन्हा. हौशी रोज शेजारी बसून शिव्या द्यायची, ट्रकला. आणि खेळ संपला की माझ्या खोक्यावर गोधडी टाकायची, नाव बाहेर दिसू नये म्हणून. घरात अजून ती त्याला काळ्याच म्हणते. रघु तो फक्त माझ्यात आहे. तेवढ्यावर तिची आणि आजाराची तडजोड झाली असावी. मी मध्ये पडले नाही.

काल सकाळी एका वळणावर बाणाचं बटण दबलं, आणि सुटलं. एकदाच. तर्जनी होती. ट्रक सरळ गेला. हौशी म्हणाली, "बघितलं मी," आणि उठून शेतावर गेली.

मित्रांनो, म्हातारीचं एवढं ऐका. हाकेला ओ आली नाही म्हणून ‘इथे काही नाही’ असं लिहून मोकळे होऊ नका. नवं आणायच्या आधी जुन्याच्या आत जाऊन बघा. माझ्या फोल्डरांना उगीच हात लावू नका, आणि चालू असताना माझी वायर ओढू नका. माझा कर्र कर्र आवाज वाढतो आहे. पंढरी आला की त्याला सांगा, माझ्यातलं सगळं दुसरीकडे उतरवून घे, आहे त्याच नावाने. मग मला खुशाल खणात टाका. पण आज नको. एक बोट सुटलं आहे. अजून चार राहिली आहेत.