दिसतो, पण हजर नाही

जमिनीचा दावा जमीन असेल तिथेच चालतो, म्हणून त्या सोमवारी कोर्ट मंदाकिनीच्या काजूच्या बागेत येऊन बसलं. न्यायाधीश मोठ्या काजूखाली बसले. त्यांच्या कागदांवर वाळकं पान पडलं, तेव्हा कारकुनानं त्यावर शिक्का मारून ते दप्तराला लावलं.

बाग वडिलांची, पाच गुंठ्यांची. मंदाकिनीचा धाकटा भाऊ वासू गोव्यात म्हापशाला राहायचा. तो नऊ वर्षांत एकदाही आला नव्हता. तिची पत्रं लिहून झाली, फोन करून झाले. शेवटी तिनं त्याच्यावर दावा लावला. समन्स गेलं की माणसाला यावंच लागतं, असं तिला कुणीतरी सांगितलं होतं.

"प्रतिवादी दुसऱ्या राज्यात राहतो," कारकून म्हणाला.

"राहो," न्यायाधीश म्हणाले. "जमीन आमच्या हद्दीत आहे. या दाव्यापुरता तो आमचाच."

मंदाकिनीला ते 'आमचाच' फार आवडलं.

पण पुकारे तीनच. तिसऱ्यालाही वासू आला नाही तर निकाल एकतर्फी. मग सगळी बाग तिची, आणि त्याला बोलवायला तिच्याकडे काही उरणार नव्हतं.

परब शिपायानं तोंडाला हात लावला. "वासुदेव रामा गवस, हाजिर हो!"

म्हापशाचं घर तुळशीसकट, स्कूटरसकट सरकत आलं आणि हद्दीच्या दगडापाशी थांबलं. घराला हद्दीत शिरता येत नव्हतं, म्हणून दगडच आत सरकला. बाग दोन गुंठ्यांची झाली. एसटीत माणसं सरकतात तशी झाडं एकमेकांना जागा देत उभी राहिली.

वासू ओट्यावर पेज जेवत होता.

"आताशी जेवतंस?" मंदाकिनीनं विचारलं.

"होय. ताये, बाग तूच घे. मी येवक नाय तर आपसूक तुझी होतली. म्हणानच येवक नाय."

"नऊ वर्सां ह्योच इचार करत होतंस?"

"होय."

"शिरा पडो तुझ्या अकलेर."

"वादीनं प्रतिवादीशी बोलू नये," न्यायाधीश म्हणाले. "प्रतिवादी दिसतो, पण हजर नाही. लिहून घ्या."

परबनं दुसरा पुकारा केला. घर हातभर अंतरावर आलं. आता बाग बाकाएवढी उरली होती. कारकून लिहीत लिहीत झाडावर चढला. मंदाकिनीला वासूच्या कानावरचे पांढरे केस दिसले. तो म्हातारा झाला होता, आणि हे तिला कुणी कळवलं नव्हतं.

"ऊठ," ती म्हणाली.

"उठलंय तर अर्धी माझ्या नावार येतली."

"येऊंदे."

"अर्धी कसली, ताये? खाली बघ."

तिनं पाहिलं. दगड आणखी सरकून तिच्या अंगठ्याला टेकला होता. जमीन तिच्या दोन पावलांएवढीच होती, आणि ती दोन्ही पावलं तिचीच होती.

परबनं तिसऱ्या पुकाऱ्यासाठी श्वास घेतला.

वासूनं पेजेचं ताट खाली ठेवलं. तो उठला. एक पाय उचलून त्यानं दगडावरून आत आणला आणि तो तसाच अधांतरी धरला.

"खंय ठेवू?"

"माझ्या पायार ठेव. ल्हान असताना ठेवी होतंस, तसो."

न्यायाधीशांनी चष्मा काढला. ते खुर्चीवरून उतरले, मातीला गाल टेकवून आडवे झाले आणि तिच्या नि वासूच्या पावलांमधल्या फटीतून त्याचा पाय टेकतो का ते पाहू लागले.

परबनं तोंड उघडलं.