पाळीचं जॅकेट

लिलिस, युयुन, तिका आणि रोस्मा या जाकार्ताबाहेरच्या बोजोंगगेदेच्या चार मैत्रिणी. चौघींत मिळून एकच भारी जॅकेट होतं, बांडुंगच्या एका छोट्या कंपनीचं, काळं, पाठीवर वाघ असलेलं. दर शनिवारी चौघी नटून जाकार्ताला जायच्या. सुदिरमान स्टेशनाजवळच्या झेब्रा पट्ट्यांवर त्या वर्षी पोरापोरींची जत्राच भरायची. ढगळ पॅन्ट, जाडजूड बूट, डोक्यावर रंगीत ओढणी. दिवा हिरवा झाला की ऐटीत रस्ता ओलांडायचा, समोरून कुणीतरी फोटो काढायचं. जॅकेटची पाळी ठरलेली होती, त्यावरून भांडणंही व्हायची.

पुढे पोलीस गर्दीला हटकू लागले, फोटोवालेही फिरकेनासे झाले. तिकाचं लग्न झालं. रोस्मा बुटांच्या कारखान्यात लागली. युयुनला स्टेशनाजवळच कॉफीच्या दुकानात काम मिळालं. जॅकेट लिलिसकडे राहिलं. ती एकटीच जात राहिली.

एका शनिवारी ती युयुनच्या दुकानात शिरली. युयुन दुकानाचा तपकिरी गणवेश घालून कप पुसत होती. तिने लिलिसला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"अगं, अजून चालूच आहे का तुझं हे?"

"आपल्या गल्लीत हे घालून फिरलं तर लोक हसतात, म्हणून इथे येते."

"इथेही हसायचेच की."

"हो, पण तेव्हा आपण चौघी होतो."

लिलिसने जॅकेट काढून युयुनपुढे धरलं. म्हणाली, "आज तुझी पाळी आहे. पाच मिनिटं चल. तुझा फोटो मी काढते."

युयुनचा हात वाघावरून फिरला. तेवढ्यात मॅनेजरने हाक मारली. तिने जॅकेट परत केलं आणि पुढच्या गिऱ्हाइकाला काय हवं ते विचारू लागली. लिलिस थोडा वेळ तशीच उभी राहिली. मागच्या माणसाने जरा सरकायला सांगितलं, तेव्हा ती बाहेर पडली.

दिवा हिरवा झाला. कचेऱ्यांतून सुटलेली माणसं फोनमध्ये बघत भराभर निघाली. त्यांच्यातून लिलिस आपल्या जुन्या चालीने पलीकडे गेली. तिच्याकडे कुणी पाहिलंही नाही. हसलंही नाही.

घरी आईने भात वाढता वाढता विचारलं, आज कोण कोण भेटलं? सगळ्याच आल्या होत्या, लिलिस म्हणाली, आणि कोण काय बोललं ते जेवण संपेपर्यंत रंगवून सांगत राहिली.

पुढच्या शनिवारी ती गेली नाही. आईने कारण विचारलं नाही. फक्त तिच्या ताटात तळलेलं सोयाबीनचं तेंपे जरा जास्त वाढलं.