खालचा तुकडा

मंजुळा परसात वांग्याच्या बुडाला राख घालत होती, तेवढ्यात तिची थोरली जाऊ रत्नमाला कुडापाशी येऊन उभी राहिली. उभी राहिली ती राहिलीच. एरवी ही बाई घरातून निघतानाच बोलायला लागायची.

"काय गं अक्का, दातखीळ बसली का काय?"

"मंजुळे, ह्यांनी निरोप दिलाय." रत्नमालानं पदराचं टोक बोटाला गुंडाळलं. "वरच्या तुकड्यावर आमचा सोमनाथ खोल्या बांधणार हाय. शेंद्र्याच्या कंपनीतल्या पोरांना भाड्यानं द्यायला. मग आमाला भाजीपाल्याला जागा उरत नाय. तर हा खालचा तुकडा आमी घ्यावा म्हनतेत."

"अन म्या कुठं जाऊ?"

"पाया खांदल्याव माती निघंल, ती उकिरड्यापल्याड टाकणार हायेत. तिथं लाव म्हनले काय लावायचं ते."

मंजुळाच्या हातातलं घमेलं कलंडलं, सगळी राख तिच्या पायावर सांडली.

आता तुम्ही म्हणाल, एवढ्याशा परसाचं काय घेऊन बसली? तर सासरा गेल्यावर घरामागची जागा वाटली तेव्हा वरचा भुसभुशीत तुकडा रत्नमालाच्या नवऱ्याला, आप्पाला, म्हणजे मंजुळाच्या भायाला, थोरल्या दिराला गेला आणि खालचा विधवा मंजुळाच्या वाट्याला आला. निव्वळ काळी चिकण माती ती. पावसाळ्यात पाय घातला की चप्पल आत आणि पाय वर. उन्हाळ्यात भेगा अशा, की कोंबडीचं पिल्लू गडप व्हावं. मेथी उगवायच्या आधीच कुजायची. लोक म्हणायचे, बाई, इथं भाजी कसली लावती, विटा पाड.

मंजुळानं विटा पाडल्या नाहीत. शेणखत, चुलीची राख, भुईमुगाची टरफलं, तुरीचा भुसा, लिंबाचा पाला, हाताला लागंल ते मातीत गाडलं. पाणी निघून जायला कडेनं चर काढला. ओल असली की कुणाला आत पाय टाकू दिला नाही, सख्ख्या भावावरही ओरडली होती. माती वळायला तिची उमर गेली. आता हात घातला की मनगटापर्यंत आत जायचा, वर गांडुळं निघायची.

आणि हे सगळं कशाच्या भरवशावर, तर भायाच्या शब्दावर. त्या घरात धाकटी सून भायाशी बोलत नाही, समोर येत नाही. वाटणीच्या दिवशी आप्पा ओट्यावर, मंजुळा दाराआड, मधे रत्नमाला. "खालचा तुकडा तिचा, सांग तिला," आप्पा म्हणाला. रत्नमालानं आत येऊन सांगितलं. मंजुळानं मान हलवली, ते रत्नमालानं बाहेर जाऊन सांगितलं. झाली वाटणी. पंच नाहीत, कागद नाही. बापाच्या जागी असलेल्या माणसाकडं कागद कोण मागतं?

मंजुळा राखेच्या हातानंच आप्पाच्या ओट्यापुढं गेली. भावकीतला म्हातारा कडुबा तिथं चहा पीत बसला होता. तिनं पदर पुढं ओढला आणि जन्मात पहिल्यांदा भायाशी बोलली.

"दादा, तो तुकडा माझाय. तुमीच दिलता."

आप्पाची बशी तोंडाशीच थांबली. मग तो सावकाश म्हणाला, "कडुबा, तुमी सांगा. हिनं आजवर माझ्यासंगं एक तरी शब्द काढलाय का? समद्या गल्लीला ठावं हाय. मग म्या हिला दिलं कव्हा, अन हिनं घेतलं कव्हा?"

"ते बी खरंच हाय," कडुबानं मान डोलावली.

घ्या. जी अदब तिनं आयुष्यभर पाळली, तीच ह्या माणसानं तिच्यावर उलटवली.

"अक्का, मधी तूच व्हतीस नव्हं? तूच सांगितलं मला. बोल की."

रत्नमाला दारात उभी होती. तिनं नवऱ्याकडं पाहिलं, ओट्याखाली उभ्या आपल्या पोराकडं, सोमनाथकडं पाहिलं. "लई जुनी गोष्ट झाली गं. मला नाय आठवत."

आप्पाचा दगा मंजुळानं एक वेळ गिळला असता. पण रत्नमाला? नवरा गेला त्या साली जिनं हिला आपल्या ताटाला बसवून घास भरवले होते, ती रत्नमाला?  मंजुळा माघारी फिरली.

खोल्यांच्या पायाची, खोलातली माती उकिरड्यापल्याड पडली. चिकणच, तीही चुनखडीची. वर पावसानं दिवसभर झोडपलं. दुसऱ्या दिवशी मंजुळा त्या ढिगाकडं बघत बसली होती, तर रत्नमाला आली.

"मंजुळे, सोमनाथ कुदळ घेऊन निघालाय. खालचा तुकडा आज खांदला तर चालंल का?"

नुसतं 'व्हय' म्हणायचं होतं. चिखलात कुदळ पडली असती, घमेली घेऊन माणसं नाचली असती, आणि ऊन पडल्यावर तुडवलेला चिखल वाळून अख्ख्या परसाची फरशी झाली असती. बसले असते मग विटा पाडत. मंजुळाच्या ओठावर तो शब्द आलाही होता.

"नाय," ती म्हणाली. "थांबव त्याला. माती मुठीत दाबून बघ, गोळा होऊन ऱ्हायली तर पाय बी घालू नको. भुगा झाला तरच खांद."

"लई बरं झालं इचारलं," म्हणत रत्नमाला लगबगीनं गेली.

मंजुळानं भिंतीला डोकं टेकलं आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा हुंदका देऊन रडली. वाटणीच्या दिवशी बोलायचं होतं, तेव्हा ही मेली जीभ गप बसली. आज नुसतं 'व्हय' म्हणून गप बसायचं होतं, तर नको तेवढं बोलली.