कारणाचा रकाना

“बाई, हा बिल्ला शेवटचा कधी धुतला होता?”

सगळा वर्ग वळून तिच्याकडे बघू लागला. हे विचारायची तिची छाती होणार नाही, अशी मागच्या बाकावरच्या चौघींनी पैज लावली होती. म्हणून तर तिने विचारलं. बिल्ला म्हणजे लाकडाची चपटी पट्टी. ती गळ्यात अडकवल्याशिवाय बाथरूमला जायचं नाही. वर्गातल्या सगळ्या मुलींचा घाम पिऊन तिची दोरी काळीकुट्ट झालेली.

वर्गशिक्षिका रागावल्या नाहीत. उलट गोड हसल्या आणि त्यांनी तिलाच शिस्तप्रमुख करून टाकलं. “एवढी काळजी आहे ना, मग तूच सांभाळ.”

लाल फीत मिळाली, जाड वही मिळाली. कोण गेली, किती मिनिटं, कारण काय. एकही रकाना रिकामा ठेवायचा नाही. आईने फितीला इस्त्री केली, बाबांनी अख्ख्या मजल्याला सांगितलं. तीही चार दिवस हवेतच होती.

पाचव्या दिवशी तिची जिवाभावाची मैत्रीण चष्मिश अकरा मिनिटांनी परत आली.

“काय लिहू गं?”

“पोट दुखत होतं लिही.”

“त्याला नर्सची चिठ्ठी लागते.”

“मग खरं लिही, माझे आई. पण बारीक अक्षरात.”

तिने लिहिलं, छान वळणदार अक्षरात: पाळी, स्कर्ट धुतला.

दुसऱ्या दिवशी प्रार्थनेनंतर मुख्याध्यापकांनी दहा मिनिटांवर वेळ घेणाऱ्या मुलींची नावं माइकवरून वाचली. कारणांसकट. मुलांच्या रांगेतून खिदळणं ऐकू आलं. चष्मिशने खाली घातलेली मान दिवसभर वर केली नाही आणि मधल्या सुट्टीत ती डबा घेऊन हिच्यापासून लांबच्या बाकावर जाऊन बसली. हिला सरांची शिसारी आली. त्याहून जास्त आली ती स्वतःच्या त्या वळणदार अक्षराची.

जेवताना तिने घरी सगळं सांगितलं.

“आमच्या ऑफिसात चहाला उठलं तरी अंगठा लावावा लागतो,” बाबा म्हणाले. “होते सवय.” भाजीत मीठ कमी आहे म्हणावं, इतक्या सहज.

“दाखल्यावर येतं ते, शिस्तप्रमुख म्हणून,” आई म्हणाली. “उगाच नसते उद्योग करू नकोस.”

तिने ताट सरकवलं.

“आई, बाबा, उद्या मी फीत आणि वही परत करणार आहे. प्रार्थनेच्या वेळी, सगळ्यांसमोर. दाखला बिघडला तर बिघडू दे. कुणाच्या अंगातलं काहीही मी यापुढे त्यांना लिहून देणार नाही.”