रिकामी ओळ

"पाच तारखेची ओळ रिकामी आहे ना?" साहेबांनी केबिनचं दार लोटून घेत विचारलं.

असणारच. बाहेर जाणाऱ्या पत्रांच्या जावक रजिस्टरमध्ये रोज शेवटची एक ओळ कोरी सोडायची, हे बाईंना आधीच्या कारकुनाने पहिल्याच दिवशी शिकवलं होतं. एखादं पत्र मागच्या तारखेने घालायची वेळ येतेच. बावीस वर्षं बाईंनी ती ओळ इमानेइतबारे सोडली. त्यात कुणाचं काही बिघडतं, असं त्यांना कधी वाटलं नाही.

साहेबांनी पत्र पुढे सरकवलं. पाणीपुरवठ्याच्या पंपावरून काढून टाकलेल्या मिस्त्रीला कामावर हजर होण्याचा आदेश. तारीख गेल्या महिन्याची पाच. मिस्त्रीला परत कामावर घ्या, असं कोर्टाने सांगून आठ महिने झाले, पण खातं ढिम्म. आता अवमानाची नोटीस आली होती आणि उद्या साहेबांना जातीने कोर्टात उभं राहायचं होतं.

"आपण बोलावलं होतं, तोच आला नाही, असं सांगू. आणि तुमचा बदलीचा अर्ज आहे माझ्याकडे. आईजवळ जायचंय ना तुम्हाला? उद्या संध्याकाळी सही करतो."

आई ऐंशीची, गावी एकटी. तीन वर्षं तो अर्ज धूळ खात पडला होता.

टेबलाशी येऊन त्यांनी पाच तारखेचं पान काढलं. पेनाचं टोपण उघडलं, तोच खिडकीशी मिस्त्री येऊन उभा राहिला.

"बाई, माझं पत्र निघालं का?"

दर सोमवारी त्याचा हाच प्रश्न. दर सोमवारी बाई रजिस्टर चाळून सांगायच्या, "नाही हो दादा." शिपायाने एकदा त्याला हटकलं होतं, तर म्हणाला होता, "बाकीचे थापा मारतात. बाई बघून सांगतात."

बाईंना स्वतःचीच लाज वाटली. त्यांनी पानं उलटली, आजच्या तारखेखाली नोंद केली, तोच क्रमांक पत्रावर घातला आणि शेजारी आजच्या तारखेचा शिक्का मारला.

"निघालं. इथे सही करा. खाली आजची तारीख घाला."

मिस्त्रीने पत्र वाचलं. "यावर तर पाच तारीख आहे."

"ती साहेबांची. शिक्क्यावरची माझी. उद्या वकिलांना म्हणावं, रजिस्टर मागवा."

त्याने पेन उचललं. मग हलकेच म्हणाला, "बाई, तुम्हाला त्रास देतील हो."

"देऊ देत. तुम्ही सही करा."

तो गेल्यावर बाईंनी पट्टी आणि लाल पेन घेतलं. पहिल्या पानापासून एकेक कोरी ओळ आडवी रेघ मारून बंद केली. रेघा सरळ आल्या. मग त्यांनी आईला फोन लावला.

"आई, बदलीचं काही जमेलसं दिसत नाही गं."

"असू दे," आई म्हणाली. "तुझी खाट घातली होती खिडकीपाशी. परत भिंतीला उभी करते. तेवढीच जायला-यायला जागा होईल."